'विकणे आहे : ७०,००० ज्यू' (१९४३ची एक जाहिरात आणि ती देणारी पोरं)

कोरडवाहू (धागाकर्ता)

१६ फेब्रुवारी १९४३च्या 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्ये एक पानभर जाहिरात आली. मथळा साधारण असा: मानवजातीला विकणे आहे, ७०,००० ज्यू, माणसं असल्याची हमी, दर नगाला ५० डॉलर.

ही चेष्टा नव्हती. तीनच दिवस आधी त्याच पेपरात बातमी होती, की ट्रान्सनिस्ट्रियात हाकलून दिलेल्या ७०,००० ज्यूंना बाहेर जाऊ द्यायला रुमानियाचं सरकार तयार आहे, खर्च मात्र दुसऱ्या कुणीतरी करावा. ट्रान्सनिस्ट्रिया म्हणजे नीस्टर नदीपलीकडचा, युक्रेनचा रुमानियाने बळकावलेला पट्टा. १९४१पासून तिथे उपासमार, टायफस आणि गोळ्या अशा तिन्ही वाटांनी माणसं मरत होती. स्टालिनग्राडला जर्मनांनी नुकतीच शस्त्रं टाकली होती. वारं फिरलंय हे रुमानियाच्या राज्यकर्त्यांना कळलं आणि त्यांना अचानक माणुसकी आठवली. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने या देकारात दम नाही म्हणून तो बाजूला सारला.

जाहिरात लिहिली होती बेन हेक्टने. हा शिकागोतला जुना बातमीदार, पुढे हॉलिवूडचा बडा पटकथाकार, पहिल्याच ऑस्करमध्ये कथेचं बक्षीस घेतलेला. पण त्याच्या मागे जी पोरं होती ती जास्त मजेशीर. पाच-सहा जण, बहुतेक पॅलेस्टाइनमधून आलेले, तिथल्या 'इर्गुन' या भूमिगत संघटनेचे. म्होरक्या हिलेल कूक. लिथुआनियात १९१५ साली जन्म, पॅलेस्टाइनच्या पहिल्या अश्कनाझी (युरोपीय वंशाच्या ज्यूंच्या) मुख्य धर्मगुरूंचा सख्खा पुतण्या. घराण्याच्या नावाला उगाच धक्का नको म्हणून अमेरिकेत त्याने पीटर बर्गसन हे नाव घेतलं. म्हणून इतिहासात ही मंडळी 'बर्गसन गट' म्हणून ओळखली जातात.

ते अमेरिकेत आले होते वेगळ्याच कामाला. दोस्तांच्या बाजूने लढणारी ज्यूंची स्वतंत्र फौज उभी करा, ही त्यांची मागणी. नोव्हेंबर १९४२ मध्ये सगळं बदललं. रबाय (ज्यू धर्मगुरू) स्टीफन वाइज हे अमेरिकी ज्यूंचे सर्वांत वजनदार नेते. त्यांनी पत्रकार परिषद घेऊन सांगितलं, की हिटलरने युरोपातल्या ज्यूंना संपवायचं ठरवलंय आणि वीस लाख आधीच मारले गेलेत. ही बातमी 'न्यूयॉर्क टाइम्स'ने दहाव्या पानावर छापली आणि 'वॉशिंग्टन पोस्ट'ने सहाव्या. सत्तावीस वर्षांच्या कूकने ती 'पोस्ट'मध्ये वाचली आणि फौजेचा विषय मागे टाकला.

पुढच्या वर्षभरात या लोकांनी जो गोंधळ घातला तो वाचताना मला कमाल वाटते. ना मतदारसंघ, ना पैसा, ना धड नागरिकत्व.

९ मार्च १९४३ला मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये 'वी विल नेव्हर डाय' हा भव्य रंगमंचीय कार्यक्रम. लेखन हेक्टचं, संगीत कुर्ट वाइलचं, दिग्दर्शन मॉस हार्टचं, निर्मिती बिली रोझची. मंचावर दशाज्ञांच्या दोन अवाढव्य शिळा आणि त्यांच्यापुढे पॉल म्युनी आणि एडवर्ड जी. रॉबिन्सन. एकाच रात्री दोन प्रयोग, मिळून ४०,००० प्रेक्षक. एप्रिलमध्ये वॉशिंग्टनच्या प्रयोगाला स्वतः एलिनॉर रूझवेल्ट, सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश आणि खासदारांची रांग. बाईंनी आपल्या रोजच्या स्तंभात त्यावर लिहिलंसुद्धा.

त्याच एप्रिलमध्ये ब्रिटन आणि अमेरिकेची निर्वासितांच्या प्रश्नावर बर्म्युडाला परिषद भरली. वार्ताहर सहज पोचू नयेत असं बेट. १९ एप्रिलला ती सुरू झाली, आणि त्याच दिवशी वॉर्सा घेटोतला, म्हणजे नाझींनी ज्यूंना कोंडलेल्या वस्तीतला, उठाव. परिषदेतून काहीही निघालं नाही. बर्गसन गटाने पुन्हा पानभर जाहिरात दिली: मृत्यूच्या सापळ्यातल्या ५० लाख ज्यूंसाठी बर्म्युडा ही क्रूर थट्टा होती. परिषदेला गेलेल्या सिनेटरचा अपमान झाला म्हणून एक समर्थक सिनेटर रागावून गटाच्या समितीतून बाहेर पडले. त्यांचं नाव हॅरी ट्रुमन, पुढचे राष्ट्राध्यक्ष.

६ ऑक्टोबर, योम किप्पूर या ज्यूंच्या सर्वांत पवित्र दिवसाच्या तीन दिवस आधी, चारशेहून अधिक रबाय वॉशिंग्टनच्या रस्त्यावर उतरले. लांब दाढ्या, काळे डगले. संसदेच्या पायऱ्यांवर उपाध्यक्ष वॉलेस यांनी निवेदन घेतलं. व्हाइट हाउसच्या फाटकात मात्र एक सचिव भेटला आणि म्हणाला, अध्यक्ष कामात आहेत. अध्यक्ष त्या दुपारी युगोस्लाव्ह वैमानिकांना बॉम्बर विमानं सुपूर्द करण्याच्या समारंभाला गेले होते. वाइज आणि अध्यक्षांच्या जवळचे काही ज्यू सल्लागार या मोर्च्याच्या विरोधात होते, ही त्यातली खरी मेख.

९ नोव्हेंबरला दोन्ही सभागृहांत ठराव आला: अध्यक्षांनी ज्यूंच्या सुटकेसाठी स्वतंत्र आयोग नेमावा. आता गंमत बघा. ठराव हाणून पाडायला परराष्ट्र खात्याचे सहायक सचिव ब्रेकिन्रिज लाँग यांनी बंद दाराआड साक्ष दिली, की १९३३पासून आम्ही ५,८०,००० निर्वासित घेतलेत. साक्ष छापून बाहेर आली आणि लोकांनी हिशेब मांडला. लाँगनी देऊ केलेले व्हिसे आणि आलेली माणसं एकच धरली होती. खरे आलेले त्याच्या निम्मेही नव्हते, आणि त्यातलेही सगळे ज्यू नव्हते. लाँगसाहेबांची अब्रू गेली.

तोवर अर्थखात्यात एक वेगळीच फाइल जाड होत होती. जोसायाह दुबॉइस, जॉन पेली, रँडॉल्फ पॉल, तिघेही ज्यू नसलेले अधिकारी. त्यांनी शोधून काढलं, की ज्यूंच्या कत्तलीची माहिती स्वित्झर्लंडहून येऊच नये अशी तार परराष्ट्र खात्याने फेब्रुवारी १९४३ मध्ये बर्नच्या वकिलातीला केली होती. दुबॉइसने जानेवारी १९४४ मध्ये अहवाल लिहिला आणि शीर्षक दिलं: ज्यूंच्या हत्येला या सरकारची मूकसंमती. अर्थमंत्री हेन्री मॉर्गेनथाऊंनी शीर्षक सौम्य केलं, पण १६ जानेवारीला तो घेऊन ते रूझवेल्टसमोर बसले. २२ जानेवारीला वॉर रेफ्युजी बोर्ड, म्हणजे युद्ध निर्वासित मंडळ, स्थापन झालं.

माझं म्हणणं एवढंच. नुसत्या आरड्याओरड्याने हे झालं नाही, आणि नुसत्या फायलीनेही झालं नसतं. अध्यक्षांना भेटण्याआधीच्या बैठकीत मॉर्गेनथाऊ आपल्या माणसांना सांगत होते, की संसदेत उकळी फुटायला आलीय, आपण झटपट हललो नाही तर संसद आपल्यासाठी हे करेल. ती उकळी कुणी आणली होती?

---

खिडकीपाशी

जबरदस्त. एका दमात वाचलं. एक कळलं नाही, वाइजसारखा माणूस विरोधात का? आपलीच माणसं मरत असताना?

आडनाव_नको

लेख चांगला आहे पण जाहिरातीला जरा जास्तच हार घातलेत. 'नगाला ५० डॉलर' हे वाचून सामान्य वाचकाला काय वाटणार? मी ५० डॉलर पाठवले की एक ज्यू सुटला. तसं नव्हतंच ना. पैसे जाणार होते बर्गसन गटाच्या समितीच्या पुढच्या जाहिरातींना. तेव्हाही ज्यू संघटनांनी हीच टीका केली होती. चांगल्या कामासाठी लोकांची दिशाभूल चालते का?

कोरडवाहू

@आडनाव_नको, टीका बरोबर आहे. बारीक अक्षरात काय आहे ते कुणी वाचत नाही, हे हेक्टला पक्कं माहीत होतं. तरी मी जाहिरातीच्या बाजूने. आतल्या पानावर पडून राहिलेल्या बातमीवर अमेरिका बोलायला लागली, ती या आगाऊपणामुळे.

@खिडकीपाशी, वाइजना खलनायक करू नका. त्यांनीही १ मार्च १९४३ला त्याच मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये प्रचंड सभा घेतली होती. आत २०,००० आणि बाहेर त्याहून जास्त. त्यामुळे ते गप्प बसले हे खोटं. पण त्यांची भिस्त रूझवेल्टवर होती, आणि चारचौघांत अध्यक्षांना टोचायचं नाही हा त्यांचा नेम. ऑगस्ट १९४२ मध्येच जिनिव्हाहून जागतिक ज्यू काँग्रेसच्या गेरहार्ट रीग्नरचा ज्यूंच्या संहाराच्या बेताबद्दल संदेश आला होता. परराष्ट्र खात्याने तो दाबला. वाइजना तो कळला एका ब्रिटिश खासदाराकडून, ऑगस्टच्या शेवटी. मग खात्याने सांगितलं, खातरजमा होईपर्यंत बोलू नका. ते तीन महिने बोलले नाहीत.

दुसरं, बर्गसन मंडळी इर्गुनची. वाइज आणि त्यांच्या झायोनिस्ट (पॅलेस्टाइनमध्ये ज्यूंचं राष्ट्र हवं म्हणणाऱ्या) मित्रांच्या दृष्टीने हे कालचे बंडखोर पोरटे, कुणी निवडून न दिलेले, आणि आले ते थेट अमेरिकी ज्यूंच्या वतीने बोलायला लागले. नोव्हेंबरच्या त्या ठरावावर वाइजनी साक्ष दिली ती 'यात पॅलेस्टाइनचा उल्लेख नाही, हा अपुरा आहे' अशी. तो उल्लेख बर्गसनने मुद्दाम टाळला होता. पॅलेस्टाइन म्हटलं की ब्रिटिश आडवे येणार, आणि ठराव तिथेच मेला असता.

टपरीवरचा_चहा

म्हणजे घर जळतंय आणि भावकीत वाद चाललाय की पाणी कुणाच्या विहिरीचं. ओळखीचं वाटतंय :)

कोरडवाहू

भावकी म्हणाल तर याहून पुढे गेली होती. मे १९४४ मध्ये झायोनिस्ट नेते नाहुम गोल्डमन यांनी परराष्ट्र खात्यात जाऊन विचारलं, की सरकार या बर्गसनला सैन्यात का भरती करत नाही किंवा देशाबाहेर का काढत नाही? एफबीआय आणि आयकरवाले गटाच्या मागे लागले होते ते वेगळंच. आयकरवाल्यांना हिशेबात काही सापडलं नाही.

निवृत्त_हिशेबनीस

मी आयुष्यभर बँकेत परकीय चलनाचं काम केलं, म्हणून मला या प्रकरणातला अर्थखात्याचा भाग फार महत्त्वाचा वाटतो. लेखकाने तो एका परिच्छेदात उरकला, जरा तक्रारच आहे.

युद्धकाळात शत्रूच्या ताब्यातल्या प्रदेशात डॉलर पाठवायला अर्थखात्याचा परवाना लागत असे, आणि अशा व्यवहारात परराष्ट्र खात्याचाही शब्द लागायचा. पेली होते ते परकीय निधी नियंत्रण विभागाचे प्रमुख. रीग्नरने एप्रिल १९४३ मध्ये योजना पाठवली. रुमानिया आणि फ्रान्समधल्या ज्यूंना वाचवायला तिथेच स्थानिक चलन कर्जाऊ घ्यायचं. ज्यांनी दिलं त्यांच्या नावे स्वित्झर्लंडमध्ये गोठवलेल्या खात्यात डॉलर किंवा फ्रँक जमा करायचे, आणि ते युद्ध संपेपर्यंत कुणाला काढता येणार नाहीत. म्हणजे शत्रूच्या हाती परकीय चलनाचा एक छदाम जात नाही. आपल्याकडच्या हुंडीवाल्याला हे दोन मिनिटांत समजलं असतं.

अर्थखात्याने जुलैत होकार दिला. परवाना प्रत्यक्ष निघाला डिसेंबरच्या मध्यानंतर. रक्कम किती? सुरुवातीला २५,००० डॉलर! त्यासाठी आठ महिने. मधल्या काळात फाइल परराष्ट्र खातं, बर्नची वकिलात आणि लंडन अशी फिरत होती. लंडनहून शेवटी जे उत्तर आलं ते वाचून मॉर्गेनथाऊंचं डोकं फिरलं. ब्रिटिशांचं म्हणणं असं, की एवढे ज्यू सुटले तर त्यांची विल्हेवाट लावायची कुठे, ही अडचण आहे. पैशाची अडचण नव्हती, माणसं वाचण्याची अडचण होती. मला वाटतं, तिघे अधिकारी पेटून उठले ते या परवान्यामुळे. मोर्चे वगैरे नंतर.

कोरडवाहू

तक्रार मान्य, आणि तुम्ही ज्या पद्धतीने सांगितलंत तसं मला जमलं नसतं. फक्त एक. ऑक्टोबर-नोव्हेंबरचा गोंधळ नसता तर हा अहवाल खात्याखात्यांतली आणखी एक लढाई म्हणून कपाटात गेला असता. अध्यक्षांनी हा विषय आजवर टाळलाच होता, आणि १९४४ हे निवडणुकीचं वर्ष. दुबॉइस तर राजीनामा देऊन सगळं पत्रकारांपुढे मांडायला तयार होता. पण ऐकायला पत्रकार तयार होते, कारण लाँगची साक्ष ताजी होती.

प्रवासी_पक्षीण

ब्रेकिन्रिज लाँग या माणसाबद्दल थोडं. जून १९४० मध्ये त्याने अंतर्गत टिपणात लिहिलंय की अमेरिकेत येणारे लोक आपण अनिश्चित काळासाठी प्रभावीपणे थांबवू शकतो. त्यासाठी फक्त वकिलातींना सांगायचं, की मार्गात शक्य तेवढे अडथळे घाला आणि व्हिसा 'पुढे ढकला, पुढे ढकला आणि पुढे ढकला'. कायदा न बदलता दार बंद करायची ही कृती. जर्मनी-ऑस्ट्रियातून येणाऱ्या स्थलांतरितांचा वार्षिक कोटा २७,३७० होता, आणि युद्धाच्या पुढच्या वर्षांत तो बहुतांशी रिकामाच राहिला.

मी अमेरिकेत आल्यापासून कागदपत्रांच्या ज्या रांगांत उभी राहिलेय त्यांची तुलना याच्याशी करणं पोरकटपणाच, पण 'अजून एक फॉर्म लागेल' हे वाक्य वाचलं की पोटात गोळा येतोच.

आणि याच लाँगच्या नाकावर टिच्चून काम केलेला एक माणूस इथे यायला हवा, व्हॅरियन फ्राय. ऑगस्ट १९४० मध्ये फ्रान्समधल्या मार्से बंदरात उतरला. खिशात ३,००० डॉलर आणि सुमारे २०० कलावंत-लेखकांची यादी. तीन आठवड्यांसाठी गेला आणि वर्षभर राहिला. खोटे पासपोर्ट, पिरेनीज डोंगरातल्या चोरवाटा, काळ्या बाजारात पैसे बदलणं, सगळं केलं. सुमारे २,००० लोक बाहेर काढले. मार्क शगाल, माक्स अर्न्स्ट, हाना आरेंट ही त्यातली नावं. तिथल्या अमेरिकी उपवाणिज्यदूताने, हायरम बिंगहॅमने, साथ दिली आणि त्याची तिथून बदली झाली. १९४१च्या सप्टेंबरात फ्रेंच पोलिसांनी फ्रायला हाकललं, आणि अमेरिकी वकिलातीने बोट उचललं नाही. १९६७ मध्ये मेला तेव्हा फारसा कुणाला माहीत नव्हता. इस्राएलने सन्मान दिला १९९४ मध्ये.

पंचगंगाकाठचा

लई भारी धागा. आमच्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला पण युद्धात युरोपातल्या निर्वासितांची छावणी होती की. आजोबा सांगायचे, गोऱ्या बायका आठवडी बाजाराला यायच्या आणि मराठीत भाव करायच्या. ते ज्यूच होते ना? म्हणजे हिटलरच्या तावडीतून सुटलेले लोक आपल्या महाराजांच्या राज्यात आले, याचा उल्लेख पायजे होता.

जुना_गिरगावकर

@पंचगंगाकाठचा, वळिवड्याचे लोक पोलिश होते, पण बहुतेक कॅथलिक. आणि ते हिटलरच्या नाही तर स्टालिनच्या तावडीतून आलेले. १९४०-४१ मध्ये रशियाने पूर्व पोलंडमधून लोकांना सायबेरियात आणि कझाकस्तानात हद्दपार केलं होतं. हिटलरने रशियावर हल्ला केल्यावर त्यांना सोडलं, आणि इराणमार्गे काही हिंदुस्थानात आले. १९४३ ते १९४८, सुमारे ५,००० माणसं, मुख्यतः बायका-मुलं. तुमच्या आजोबांची आठवण खरीच, फक्त ती वेगळ्या गोष्टीतली.

मात्र त्याच लोंढ्यात पोलिश ज्यू मुलंही होती. 'तेहरानची मुलं' म्हणतात त्यांना. त्यांना पॅलेस्टाइनला न्यायचं तर जवळची वाट इराकमधून. इराकने परवानगी दिली नाही. म्हणून जहाजाने कराची, तिथून सुएझ आणि मग रेल्वेने पॅलेस्टाइन, असा द्राविडी प्राणायाम. फेब्रुवारी १९४३ मध्ये पोचली. म्हणजे कोरडवाहूंच्या जाहिरातीच्याच आठवड्यात!

मुंबईचं म्हणाल तर इथे १९३४ मध्येच ज्यूइश रिलीफ असोसिएशन निघाली होती. जर्मनी-ऑस्ट्रियातून आलेल्यांना जामीन देणं, नोकरी बघणं, सरकारदरबारी खेटे घालणं ही तिची कामं. आकडे छोटे, पण माणसं बघा. आकाशवाणीची जी धून आपण सगळे ऐकत मोठे झालो तिचं श्रेय ज्याला देतात तो वाल्टर काउफमान, प्राग-बर्लिनकडून १९३४ला मुंबईत आलेला ज्यू संगीतकार. रुडी फॉन लायडन, वाल्टर लांगहामर (याची बायको ज्यू) आणि एमॅन्युएल श्लेझिंगर या तिघांनी रझा, सूझा, हुसेन, आरा या पोरांना हात दिला नसता तर मुंबईच्या चित्रकारांच्या प्रोग्रेसिव्ह ग्रुपचं काय झालं असतं कोण जाणे.

आणि याची दुसरी बाजूही सांगतो. सप्टेंबर १९३९ला युद्ध सुरू झालं तसं ब्रिटिश सरकारने जर्मन पासपोर्टवाल्यांना सरसकट 'शत्रुराष्ट्राचे नागरिक' म्हणून आत टाकलं. नगरच्या छावणीत कट्टर नाझी आणि नाझींपासून पळालेला ज्यू एकाच आवारात. पुढे चौकशी होऊन बरेच सुटले. काही कुटुंबं पुरंदर किल्ल्यावरच्या छावणीत राहिली.

पंचगंगाकाठचा

अच्छा, असं आहे होय. पुरंदरावर ज्यू कुटुंबं होती हे आजच कळलं. यावर वेगळा धागा काढा गिरगावकर काका.

स्पष्टवक्ता_७१

गांधीजींनी ज्यूंना काय सल्ला दिला होता तोही येऊ द्या की. सोयीस्कर विसरू नका.

जुना_गिरगावकर

विसरलो नाही. २६ नोव्हेंबर १९३८च्या 'हरिजन'मधला लेख. जर्मनीतल्या ज्यूंनी सत्याग्रह करावा, असा. ज्यू तत्त्वज्ञ मार्टिन बुबेर यांनी १९३९ मध्ये त्याला सविस्तर जाहीर उत्तर दिलं, की जिथे साक्षीदारच उरू देत नाहीत तिथे सत्याग्रह कुणासमोर करायचा, अशा अर्थाचं. मला बुबेर पटतात. पण लेखाची तारीख बघा. तेव्हा गॅस चेंबर नव्हते. आणि त्याच काळात नेहरू मांडत होते की ज्यू डॉक्टर-तंत्रज्ञांना हिंदुस्थानात जागा द्या. व्हिसाची किल्ली मात्र दोघांच्याही हातात नव्हती, ती दिल्लीच्या इंग्रजाकडे.

स्पष्टवक्ता_७१

ठीक. पण मग आज त्याच ज्यूंचा देश जे करतोय त्याबद्दल

संपादक मंडळ

वरील प्रतिसादाचा उरलेला भाग आणि त्याला आलेली उत्तरं हलवली आहेत. सध्याच्या युद्धावर दोन धागे आधीच सुरू आहेत. इथे विषय १९४०-४५ एवढाच ठेवावा.

आडनाव_नको

रूझवेल्टची बाजू कुणीच मांडत नाहीये म्हणून मांडतो. मंदीतून देश नुकता बाहेर आलेला. ज्यूद्वेष उघड, रेडिओवर तो पसरवणारे पाद्री फादर कॉफलिन. १९३९ मध्ये २०,००० जर्मन मुलांना कोट्याबाहेर घ्यायचं विधेयक आलं, ते संसदेत समितीतच मेलं. अशा देशाला युद्धात खेचताना 'हे ज्यूंसाठीचं युद्ध' असा शिक्का बसू द्यायचा नव्हता. युद्ध लवकर जिंकणं हीच सगळ्यांत मोठी सुटका, हा युक्तिवाद वेडगळ नाही. आणि पोलंडमधले बहुतेक ज्यू १९४२ मध्येच मारले गेले होते. तिथे वॉशिंग्टनचा कोणता आयोग पोचणार होता?

कोरडवाहू

शेवटचं वाक्य खरं आहे, आणि बर्गसन गटाच्या भक्तांना ते आवडत नाही. ट्रेब्लिंका, बेल्झेक या मृत्युछावण्यांत कुणी पोचू शकलं नसतं. पण रुमानिया, हंगेरी, बल्गेरिया ही जर्मनीची मित्रराष्ट्रं होती, तिथे स्वतःची सरकारं होती, आणि ती युद्धानंतरच्या शिक्षेला घाबरत होती. दबाव टाकायची जागा तिथे होती.

'जहाजं नाहीत' हेही तेव्हा ऐकवलं जायचं. त्याच जहाजांनी चार लाखांहून अधिक युद्धकैदी युरोप-आफ्रिकेतून अमेरिकेत आणले. सैन्य उतरवून परतणारी जहाजं रिकामी यायची. कैद्यांना जागा मिळाली, निर्वासितांना नाही.

मंडळाने काय केलं ते मी लेखात टाकलं नाही कारण लांबत होतं. कर्मचारी तीसेक, सरकारी पैसा दहा लाख डॉलर, बाकी जवळपास सगळा खर्च ज्यू संस्थांच्या वर्गणीतून. तुर्कस्तानात आयरा हर्शमन या दुकानदारी क्षेत्रातल्या अधिकाऱ्याला पाठवलं, त्याने रुमानियाच्या राजदूताला गाठून ट्रान्सनिस्ट्रियातल्या उरलेल्या ज्यूंसाठी रेटा लावला. आणि स्टॉकहोममधल्या मंडळाच्या माणसाने बुडापेस्टसाठी एक स्वीडिश व्यापारी शोधला, राउल वॉलनबर्ग. तो ९ जुलै १९४४ला बुडापेस्टला पोचला. तोवर हंगेरीतून आठ आठवड्यांत ४,३७,००० ज्यू रवाना झाले होते, बहुतेक आउशवित्झला. बुडापेस्टचे उरले होते. मंडळामुळे किती वाचले याचे दोन लाखांपर्यंतचे अंदाज आहेत, पण कुठल्या माणसाचा जीव नेमका कुणामुळे वाचला हे वाटून देता येत नाही. मंडळाचे प्रमुख पेली यांनीच पुढे म्हटलं, की आम्ही केलं ते उशिरा आणि थोडं.

खिडकीपाशी

आउशवित्झवर बॉम्ब का टाकले नाहीत? हा प्रश्न नेहमी ऐकते.

निवृत्त_हिशेबनीस

युद्धखात्याचे सहायक सचिव जॉन मॅक्लॉय यांनी नकार दिला. कारण असं दिलं, की विमानं महत्त्वाच्या मोहिमांतून काढावी लागतील. २० ऑगस्ट १९४४ला अमेरिकी बॉम्बरांनी आउशवित्झजवळच्या मोनोविट्झच्या आय. जी. फार्बेन या जर्मन रसायन कंपनीच्या कारखान्यावर बॉम्ब टाकले. गॅस चेंबर तिथून पाच मैलांच्या आत. अचूक मारा झाला असता का, आतले कैदीच मेले असते का, यावर तज्ज्ञ अजून भांडतात. पण 'विमानं तिकडे जात नाहीत' हे कारण तरी टिकत नाही.

टपरीवरचा_चहा

इंग्लंडात कुणी ओरडलं की नाही? तिकडे तर मारल्या जाणाऱ्या ज्यूंसाठी संसदेत उभं राहून शांतता पाळली होती म्हणे.

प्रवासी_पक्षीण

पाळली. १७ डिसेंबर १९४२. मग सगळे खाली बसले. बसली नाही ती एलिनॉर रॅथबोन, अपक्ष खासदार. मार्च १९४३ मध्ये तिने नाझी दहशतीतून सुटकेसाठी राष्ट्रीय समिती काढली आणि मंत्र्यांना प्रश्न विचारून विचारून हैराण केलं. अधिकारी तिला बघून वाट बदलायचे असं म्हणतात. लंडनमध्येच पोलिश राष्ट्रीय परिषदेतले ज्यू प्रतिनिधी श्मुल झिगिएलबोइम होते. बायको आणि मुलगा वॉर्सात मेले. बर्म्युडा परिषद फसल्यावर, मे १९४३ मध्ये, जगाच्या निष्क्रियतेचा निषेध म्हणून चिठ्ठी लिहून त्यांनी आत्महत्या केली. याच्यापुढे मला काही लिहिता येत नाही.

हळद_कुंकू_लॅपटॉप

उशिरा येतेय. सगळे प्रतिसाद वाचले. दोन प्रश्न: कूकचं पुढे काय झालं? आणि अमेरिकेने शेवटी एकतरी निर्वासित जहाज घेतलं का?

कोरडवाहू

कूक इस्राएलला गेला, पहिल्या क्नेसेटमध्ये (तिथल्या संसदेत) इर्गुनचा नेता मेनाखेम बेगिन याच्या हेरुत पक्षाचा खासदार झाला, बेगिनशी बिनसलं, राजकारण सोडलं. बरीच वर्षं अमेरिकेत शेअरबाजारात काम केलं. २००१ मध्ये गेला. त्याच्या गटाचं श्रेय इतिहासकारांनी मानायला लागून तेव्हा थोडीच वर्षं झाली होती.

जहाज घेतलं, एकच. 'हेन्री गिबिन्स', ऑगस्ट १९४४, इटलीहून ९८२ निर्वासित, बहुतेक ज्यू. त्यांना न्यूयॉर्क राज्यात ऑस्वीगो गावच्या फोर्ट ऑन्टारिओ या जुन्या लष्करी ठाण्यात ठेवलं, तारेच्या कुंपणाआड. कोट्यात धरायचं नाही म्हणून ते 'अध्यक्षांचे पाहुणे'. युद्ध संपलं की परत जाऊ, असं प्रत्येकाकडून लिहून घेतलेलं. काहींचे मुलगे अमेरिकी सैन्यात लढत होते आणि आईबाप कुंपणाआड.

युद्ध संपल्यावर वर्षअखेरीस ट्रुमननी (तेच, बर्म्युडाच्या जाहिरातीवरून रागावलेले) राहायची परवानगी दिली. पण कायद्याने अमेरिकेत येण्यासाठी बाहेरून यावं लागतं. म्हणून जानेवारी १९४६ मध्ये त्यांना बसमध्ये बसवून नायगाऱ्याच्या पुलावरून कॅनडात नेलं, तिथे अमेरिकी वाणिज्यदूताने व्हिसे दिले, आणि त्याच पुलावरून परत आणलं.

हळद_कुंकू_लॅपटॉप

हे बस प्रकरण आमच्या ऑफिसातल्या इमिग्रेशनच्या वकिलाला पाठवतेय. तो म्हणेल, प्रक्रिया बरोबर आहे.